हेल्मेटची रोवळी: एका प्रदर्शनाची कामवही

२ नोव्हेंबर २०२५
वाचनालयाच्या बैठकीत विषय एकदाचा ठरला. रथसप्तमी २५ जानेवारीला, रविवारी आहे. आदला शनिवार आणि तो रविवार, असे दोन दिवस खालचा हॉल आपला. त्या आठवड्यात वर हळदीकुंकू असतंच, बायका जाता-येता डोकावतील हा हिशेब.

पहिली सूचना होती 'दुसरं महायुद्ध: शस्त्रं आणि सेनानी'. मी म्हटलं, रणगाडे पोरांना मोबाइलवर हवे तेवढे दिसतात. लढाई संपल्यावर लोकांनी तांदूळ कशात धुतले ते दाखवू. अध्यक्षकाका म्हणाले, "म्हणजे भांड्यांचं प्रदर्शन?" म्हटलं, हो, भांड्यांचंच. जरा वेळ कोणी बोललं नाही, मग चहा आला आणि ठराव पास झाला.

मंजूर रक्कम १२,००० रुपये. माणसं चार: मी (चाळीस वर्षं मशीन शॉप, आता निवृत्त), शेजारच्या वहिनी (शाळेत चित्रकला शिकवतात), माझी भाची (मजकूर तिचा) आणि सुतारकाका, ज्यांना अजून सांगितलेलं नाही.

६ नोव्हेंबर
यादीला कात्री लावली. पूल, चर्च, जुनी शहरं पुन्हा कशी उभी राहिली हे सगळं बाद. हातात धरता येईल तेच ठेवायचं. उरलं ते असं:

जर्मनी, १९४५ नंतर. पोलादी हेल्मेटं ढिगांनी पडलेली, भांडी नाहीत. हेल्मेटाला भोकं पाडून चाळण्या केल्या, पातेली केली. खेड्यांत लांब दांडा लावून त्याच हेल्मेटाने गोठ्यातलं शेणमुताचं पाणी उपसलं.

जपान. तिथली गोष्ट गोल फिरून येते. १९४१ मध्ये सरकारने धातू गोळा करायचा हुकूम काढला. घरातली भांडीकुंडी, देवळांतल्या घंटाही गेल्या. युद्ध हरल्यावर लोखंडी टोपांची पातेली झाली आणि विमानांसाठी आणलेल्या ड्युरॅल्युमिन या हलक्या मिश्रधातूची भांडी. म्हणजे स्वयंपाकघरातून गेलं ते वेगळ्या आकारात परत आलं. अर्थात, ज्यांचं गेलं त्यांच्याकडेच आलं असं नाही.

ब्रिटन. १९४० च्या उन्हाळ्यात विमानांसाठी बायकांकडून ॲल्युमिनियमची भांडी मागितली. युद्धानंतर विमानांच्याच कारखान्यांतून ॲल्युमिनियमची तयार घरं बाहेर पडली, पन्नास हजारांच्या वर. सगळ्या प्रकारची मिळून अशी तात्पुरती घरं दीड लाखाहून जास्त. दहा वर्षांसाठी म्हणून बांधली आणि लोक त्यांत कितीतरी पटीने जास्त राहिले.

शिवाय लाओसचे चमचे, बोस्नियातल्या सारायेवोचं पितळकाम, मोझांबिकचं शिवणयंत्र (तिथे यादवी युद्धानंतर बंदुका जमा करणाऱ्यांना बदल्यात शिवणयंत्रं वगैरे देत). सहा टेबलं. पुरे.

९ नोव्हेंबर
रामबागेत आत्याकडे गेलो. वय ८६, कान शाबूत, जीभ त्याहून शाबूत. सातवं टेबल तिच्या माळ्यावर आहे हे मला लहानपणापासून माहीत होतं, सुचलं मात्र आत्ता: पापडांची हिरवी पेटी.

लोखंडी पेटी, दोन्ही बाजूंना कड्या, झाकणाच्या आत रबराची पट्टी. झाकण दाबून खटका लावला की हवा आत जात नाही, म्हणून भर पावसाळ्यातही पापड नरम पडत नाहीत. आजोबांनी ती इथून, इंदूरहून जवळच्या महूच्या लष्करी छावणीतून आणली, युद्ध संपल्यावर लष्कराचा माल लिलावात निघाला तेव्हा. त्याला सगळे 'डिस्पोजलचा माल' म्हणत. साल कोणी ४६ सांगतं, कोणी ४७. पेटी काडतुसांची, हे घरात आम्हा पुरुषांना ठाऊक होतं. हिरव्या तैलरंगाचा एक टवका उडालाय, त्याखाली पिवळी अक्षरं दिसतात, अर्धा इंग्रजी आठ आणि एक रेघ.

मी लगेच म्हणालो, आत्या, ही दे, रंग काढतो, खालची अक्षरं दिसली पाहिजेत. ती म्हणाली, "पेटी ने. रंगाचं नंतर बघू." विषय तिथेच संपला असं मी समजलो. चूक.

१५ नोव्हेंबर
हेल्मेट. खरं जुनं हेल्मेट विकत घ्यायचं नाही हे पहिल्याच दिवशी ठरलेलं. लोहा मंडीतून जाड पत्र्याचं घमेलं घेतलं, २८० रुपये. ओळखीच्या लोहारदादाने कड कापून, तापवून, ठोकून टोपाचा आकार आणला. दोन तास गेले. "भिया, बनाना क्या है?" म्हटलं, फौजी टोप. "और फिर?" मग त्याला भोकं पाडायची आहेत. त्याने हातोडा खाली ठेवला आणि माझ्याकडे पाहिलं.

हात लावल्यावर जे कळलं ते वाचून कळलं नसतं. टोपाचा तळ गोल, ओट्यावर ठेवला की लोळतो. पातेलं करायचं तर तळ सपाट ठोकायला हवा आणि आतल्या पट्ट्याच्या रिव्हेटांची भोकं बुजवायला हवीत, नाहीतर आमटी गळणार. चाळणी करायची तर यातलं काहीच नको. आकार आयता, गळतं ते बरंच. जर्मनीत पुढे कारखान्यांनीच प्रेसवर उरलेली हेल्मेटं दाबून सपाट तळाची भांडी काढली, वर एनॅमल चढवलं. घरच्या घरी, एक खिळा आणि एक हातोडा असलेल्या माणसाने मात्र आधी चाळणीच केली असणार. हा माझा अंदाज, कारागिराचा.

३ मिलिमीटरच्या ड्रिलने २१२ भोकं. तीन ड्रिल तुटली.

१६ नोव्हेंबर
आत्याला फोटो पाठवला. उत्तर आवाजी संदेशात: "ही तर रोवळी!" टेबलाला नाव मिळालं.

२३ नोव्हेंबर
चमचे, प्रयत्न पहिला. सांवेर रोडवर एका ढलाईवाल्याकडे रविवारी भट्टी मोकळी मिळाली. कुकरची जुनी झाकणं आणि स्कूटरचे पिस्टन मुशीत वितळवले. ॲल्युमिनियम ६६० अंशांवर वितळतं, ते काही अवघड नाही. अवघड साचा. लाओसमध्ये शियेंग ख्वांग प्रांतात बान नाफिया नावाचं गाव आहे, तिथे लाकडाच्या चौकटीत राख दाबून चमच्याचा साचा करतात. आपल्याकडे वाळू सवयीची, पण मी हट्टाने राख घेतली, चुलीची, चाळून. ती ओलसर राहिली. धातू ओतला आणि फट्कन उडाला. माझ्या बुटावर थेंब, ढलाईवाल्याच्या तोंडात शिवी. चमचा एकही नाही.

३० नोव्हेंबर
आजची नोंद लांबेल.

पत्र्याचे तुकडे शोधत एका कबाड्याकडे गेलो होतो. प्रदर्शनाचं ऐकून त्याला उत्साह आला. आवाज उतरवून म्हणाला, "असली माल चाहिए तो बोलो साहब, महू की तरफ से आ जाएगा." म्हणजे फायरिंग रेंजच्या भागातलं. आम्ही इंदूरचे लोक हे वाचत मोठे झालो: रेंजच्या आसपास भंगार वेचताना काहीतरी फुटलं, कोणी गेलं, कोणाचा हात गेला. वेचणारे गरीब, कित्येकदा पोरं. त्याला म्हटलं, नको, आणि तूही कोणाला असं सांगू नकोस. तो हसला. त्याच्या हसण्यात 'तुम्ही नाही घेतलं तर दुसरा घेईल' हे साफ होतं.

घरी येईपर्यंत लाओसचं टेबल डोक्यात उलटंपालटं झालं. तोवर ते माझ्यासाठी गंमतीचं होतं, बॉम्बचे चमचे, वा! आता आकडे पुन्हा काढले. १९६४ ते १९७३ या काळात अमेरिकेने त्या देशावर वीस लाख टनांहून जास्त बॉम्ब टाकले, विमानांच्या ५,८०,००० फेऱ्या. क्लस्टर बॉम्बमधून विखुरलेले छोटे गोळे सुमारे २७ कोटी, त्यातले साधारण ३० टक्के फुटलेच नाहीत. ते शेतात, बांधावर, बांबूच्या बेटात तसेच राहिले. लढाई थांबल्यावर लोकांना भात लावायचा होता, म्हणजे त्याच जमिनीत कुदळ घालायची होती. बॉम्बच्या पोकळ खोळी घरांना खांब म्हणून लागल्या, आडव्या ठेवून त्यांत कांद्याची पात लावली, विमानांच्या इंधन टाक्यांच्या होड्या झाल्या. हे कौतुकाचं खरंच. पण धातूला भाव आहे म्हणून वेचायला जाणारा माणूसही त्याच गोष्टीत आहे. चमचा वितळलेल्या ॲल्युमिनियमचा दिसतो, त्याच्या आधीची चाल दिसत नाही.

भाचीला फोन करून सांगितलं, लाओसच्या कार्डावर महूचं एक वाक्य टाक. ती म्हणाली, "मामा, लोकांना आवडणार नाही." टाक म्हटलं.

७ डिसेंबर
चमचे, प्रयत्न दुसरा. राख आधी तव्यावर तासभर भाजली. लाकडी चौकट सुतारकाकांची (त्यांना आता सांगितलंय, त्यांनी काहीच विचारलं नाही, फक्त माप विचारलं). ४० चमचे निघाले. कडा कानशीने साफ केल्या. जड दिसतात आणि उचलले की हलके.

वहिनी म्हणाल्या, "भाऊजी, हे हळदीकुंकवाला वाण म्हणून द्या ना, किती छान!" नाही. पिस्टनच्या भंगारात काय काय मिसळलेलं असतं, तोंडात घालायला नको. वहिनी थोड्या हिरमुसल्या.

१४ डिसेंबर
कार्डांवरून वाद. भाचीच्या प्रत्येक कार्डाची सुरुवात 'युद्धाच्या राखेतून'. सहाही कार्डं. मी म्हटलं, एकच राख खरी, चमच्याची. ती चिडली. मग सगळीच खोडून तिने नवीन लिहिली: वस्तूचं नाव, कशापासून, कशासाठी, बस. 'चाळणी. हेल्मेटापासून. बटाटे गाळायला.' हे मला फार आवडलं. तिला सांगितलं नाही.

तिचीच आणखी एक कल्पना, आणि ती माझ्या सगळ्या लोखंडापेक्षा चांगली. जपानमध्ये १९४५ च्या शरद ऋतूत शाळा सुरू झाल्या तेव्हा नवी पुस्तकं नव्हती. मुलांना जुनीच काढायला लावली, ब्रश आणि काळी शाई दिली, आणि गुरुजी सांगतील त्या ओळी पुसायला लावल्या: लढाईचं कौतुक, लष्कराच्या कविता. जे गुरुजी महिन्यांपूर्वी त्याच ओळी घोकून घेत होते, तेच आता 'तिसरी ओळ काळी करा' म्हणत होते. भाचीने मराठी वाचनपाठासारखं एक पान रचलंय. टेबलावर शाई, ब्रश आणि शंभर प्रती.

२० डिसेंबर
कसेरा बाजार. सारायेवोचा वेढा १९९२ ते १९९६, १,४२५ दिवस. शहराच्या जुन्या बाजारात, बाश्चार्शियात, तांबटांची एक गल्ली आहे, आपल्याकडच्या तांबट आळीसारखीच. कॉफीची भांडी, परातींवरची नक्षी हे त्यांचं पिढ्यांचं काम. युद्धानंतर ते तोफगोळ्यांच्या रिकाम्या पितळी नळ्यांवर तीच नक्षी कोरून फुलदाण्या विकू लागले. बंदुकीच्या गोळ्यांची बॉलपेनं.

पितळी नळीचा तुकडा घेऊन दुकानोदुकानी फिरलो. तिसऱ्या दुकानातल्या म्हाताऱ्या कारागिराने मोबाइलवरचा फोटो मोठा करून पाहिला. नळी कशाची आहे हे त्याने विचारलंच नाही. म्हणाला, छिन्नी आपल्यासारखीच धरतात, पण पान उलट्या बाजूने सुरू केलंय. मग स्वतःच एक वेल कोरून दिली, ४०० रुपये. पान त्याने आपल्या बाजूनेच सुरू केलं.

२८ डिसेंबर
ब्रिटनच्या घराची प्रतिकृती झाली, पुठ्ठा आणि चंदेरी कागद. वहिनींनी आत फ्रिजसुद्धा केलाय, कारण त्या घरांत तो बसवलेला असे. त्या काळच्या सामान्य ब्रिटिश माणसाला हे अप्रूप.

शेजारी रेशनची थाळी: एका माणसाचा आठवड्याचा युद्धकाळातला कोटा वजन करून. चहा २ औंस, म्हणजे ५७ ग्रॅम. चीज तेवढंच. साखर ८ औंस. लोकांना वाटतं युद्ध संपलं की हे सुटलं. उलट झालं. पाव युद्धभर रेशनवर नव्हता, तो जुलै १९४६ मध्ये आला, जिंकल्यावर वर्षाने, आणि दोन वर्षं राहिला. गोळ्या-चॉकलेटं १९४९ मध्ये मोकळी केली तर दुकानं फस्त झाली, चार महिन्यांत पुन्हा कार्ड, शेवटी १९५३. मटणाचं रेशन १९५४ च्या जुलैत उठलं.

चहाची पुडी बघून सुतारकाका पहिल्यांदाच स्वतःहून बोलले: "एवढा तर आमच्याकडे दुपारपर्यंत उडतो."

६ जानेवारी २०२६
मोझांबिकसाठी पायाचं जुनं शिवणयंत्र मिळालं. उचलताना कंबर धरली. बाकी काम वहिनींकडे.

१४ जानेवारी
संक्रांत. तिळगूळ घेऊन आत्याकडे. आज पेटीचा रंग काढायचा म्हणून पिशवीत रंग काढायचं रसायन आणि तारेचा ब्रश घेऊनच गेलो होतो. तिने पिशवीत डोकावून पाहिलं.

"हे कशाला?"

म्हटलं, अगं, खालची अक्षरं. तीच तर खरी गोष्ट आहे. रंगाखाली ती पेटी कोणाचीही वाटते.

"कोणाचीही वाटावी म्हणूनच आईने रंग दिला." मग सगळं सांगितलं. पणजी कडक सोवळ्याची. काडतुसांची पेटी म्हटलं असतं तर उंबरठ्याच्या आत घेतली नसती, पापड तर सोडाच. आजीला इंग्रजी अक्षरं वाचता येत होती, पणजीला नाही, पण शेजारच्या वकिलांच्या मुलाला येत होती आणि तो तोंडाचा फाटका. म्हणून आजीने दुपारी सगळे झोपल्यावर स्वतः दोन हात रंग दिला आणि सांगितलं, चहाच्या मळ्यातली पेटी आहे. पणजी वारेपर्यंत ती चहाचीच पेटी होती. आजोबांनीही तोंड उघडलं नाही.

"आता ऐंशी वर्षांनी तू तिला खोटी पाडणार?"

पिशवी तशीच परत आणली. वाटेत राजवाड्यापाशी थांबून विचार करत बसलो. माझा सगळा बेत असा की प्रत्येक वस्तूवरची लढाईची खूण दिसली पाहिजे. आणि ज्यांनी त्या वस्तू वापरल्या त्यांची सगळी धडपड ती खूण दिसू नये याची. चाळणीत बटाटे गाळणारी बाई हेल्मेट कोणाच्या डोक्यावर होतं हे बघत बसली असती तर बटाटे थंड झाले असते. जपानच्या पोरांना ओळी पुसायचा हुकूम होता. आजीला कोणी सांगितलं नव्हतं.

भाचीला फोन. पेटीचं कार्ड: 'पापडांची पेटी. महूहून. रंग काढलेला नाही.'

२३ जानेवारी
मांडणी. हॉलचा एक ट्यूबलाइट गेलेला, शिडी कोणाकडे आहे यावर पाऊण तास. वाचनालयाच्या शिपाईदादांनी टेबलावरच्या चाळणीत आपली चावी ठेवली आणि विसरून गेले. संध्याकाळी शोधाशोध.

२४ जानेवारी
पहिला दिवस. सकाळी शुकशुकाट, चारनंतर गर्दी. सर्वांत जास्त वेळ लोक रेशनच्या थाळीपाशी थांबले. शाईच्या टेबलावर मुलांची रांग. एका मुलाने सगळं पान काळं केलं. भाची म्हणाली, एवढं नव्हतं सांगितलं. तो म्हणाला, "मग कोणती ठेवू ते सांगा ना." तिला पटकन उत्तर देता आलं नाही.

लाओसच्या कार्डावर दोन तक्रारी आल्या, महूचं वाक्य कशाला म्हणून. तिसरे एक गृहस्थ, लष्करातून निवृत्त, ते वाक्य दोनदा वाचून गेले. काही बोलले नाहीत.

संध्याकाळी एक बाई भेटल्या, माहेर कोल्हापूर. म्हणाल्या, हे सगळं परदेशातलं मांडलंत, आमचं वळिवडे कुठाय? बरोबर बोलल्या. १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरला लागून वळिवड्याला पोलंडच्या निर्वासितांची छावणी होती, सुमारे पाच हजार माणसं, बहुतेक बायका आणि मुलं. रशियात हद्दपार झालेली, तिथून सुटून इराणमार्गे आलेली. शाळा, चर्च, दुकानं, सगळं त्यांनी तिथे उभं केलं होतं. या बाईंची आजी छावणीत भाजी विकायला जायची आणि पोलिश बायका मराठीत भाव करायच्या. "कोबी हातात तोलून बघायच्या आणि म्हणायच्या, 'लई झालं'."

रात्री आठवं कार्ड हाताने लिहून लावलं. शेजारी वस्तू हवी म्हणून मंडईतून एक कोबी आणला.

२५ जानेवारी
दुसरा दिवस. आत्याला रिक्षातून आणलं. बाकी टेबलांवरून भरभर फिरली, रोवळीपाशी थांबली, बोट एका भोकात घालून म्हणाली, "कड घासायला हवी होती, बोट कापेल." खरं होतं, मी आतून कानस मारलीच नव्हती. पेटीपाशी गेली, खटका उघडून आत हात घातला. पेटी आम्ही रिकामी ठेवली होती. "पापड कुठायत?" म्हटलं, प्रदर्शन आहे आत्या. "रिकामी पेटी कोण बघेल?"

वरच्या मजल्यावरून कोणाच्या तरी हळदीकुंकवाच्या शिध्यातले अर्धा किलो उडदाचे पापड आले, आत ठेवले, झाकण उघडं. पाचच्या सुमारास ते संपलेले दिसले. कच्चेच खाल्ले लोकांनी.

२ फेब्रुवारी
आवराआवर पूर्ण. खर्च ११,६४०, ३६० परत. चमचे ४० पैकी ३१ शिल्लक, ९ गेले. ते कोणाच्या घरी डाळीत फिरत नसोत. फुलदाणी वाचनालयाच्या कपाटावर. शिवणयंत्र परत, कंबरेचं चाललंय. कोबीची भाजी वहिनींनी केली. रोवळी शिपाईदादांनी मागून घेतली, चाव्यांसाठी. आतून कानस मारून दिली.

पेटी आत्याकडे पोचवली. तिने झाकण लावून कान जवळ नेला आणि खटका दाबला. हवा सुटल्याचा बारीक आवाज आला. रबराची पट्टी एका कोपऱ्यात तडकली आहे. फाल्गुनात पापड लाटायचेत, त्याआधी सियागंजातून साडेतीन फूट पट्टी आणून द्यायची आहे. जाडी मोजून घेतली: सहा मिलिमीटर.